धारेला लाथ मारणारी, पान्हा चोरणारी गाय-म्हैस : कारण कसं शोधायचं

आधी लक्षणं. यातल्या एक-दोन गोष्टी तुमच्या गोठ्यात परत परत होत असतील तर पुढचं वाचा.

- धारेला बसलं की जनावर पाय झाडतं, बादली सांडतं, किंवा हात लागायच्या आधीच अंग चोरून बाजूला सरकतं.
- कास भरलेली दिसते, पण दूध उतरत नाही. वासरू सोडलं की उतरतं, ओढून बांधलं की परत बंद.
- मध्येच पान्हा आखडतो. डेअरीत लिटर कमी भरतात आणि फॅटही कमी लागते. सगळ्यात जास्त फॅट शेवटच्या धारांत असते, आणि नेमक्या त्याच कासेत राहतात.
- एका माणसाला लाथ बसते, दुसऱ्याला नाही.
- आठ-पंधरा दिवस सगळं ठीक, मग पुन्हा तेच.

या तक्रारीसाठी मला बोलावणं येतं तेव्हा बहुतेक ठिकाणी दोन उपाय आधीच करून झालेले असतात : मागचे पाय बांधणं आणि दूध उतरवायची सुई. दोन्हींनी त्या वेळचं दूध मिळतं आणि कारण झाकलं जातं. जनावराला दुखतं कुठे हे सांगायला त्याच्याकडे वागणं सोडून दुसरं काही नाही. गाय-म्हैस ही मुळात शिकार होणारी जात, त्यामुळे दुखणं होईल तितकं लपवणं तिच्या रक्तात आहे. ती लाथ मारण्यापर्यंत येते तेव्हा बरंच काही सोसून झालेलं असतं. म्हणून लाथेला खोड म्हणायच्या आधी खालच्या तपासण्या याच क्रमानं करा. पहिल्या काहींना एक पैसाही लागत नाही, आणि बरीचशी प्रकरणं तिथेच मिटतात.

पान्हा कसा येतो, एवढं आधी समजून घ्या

वासरानं ढुशी दिली किंवा सडाला हात लागला की मेंदूच्या तळाशी असलेल्या ग्रंथीतून ऑक्सिटोसिन रक्तात सुटतं. ते कासेत पोचलं की दुधाच्या बारीक पिशव्या आवळल्या जातात आणि दूध खाली येतं. गाईला याला साधारण एक मिनिट लागतं, म्हशीला दोन मिनिटं किंवा त्याहूनही जास्त. गाईच्या कासेतलं सुमारे पाचवा हिस्सा दूध आधीच सडाच्या वरच्या पोकळीत उतरलेलं असतं. म्हशीत ते जेमतेम ५ टक्के असतं, बाकी सगळं वर. म्हणून पान्हा न आलेल्या म्हशीचे सड पिळणं म्हणजे रिकामे सड ओढणं, आणि ते तिला दुखतं.

जनावर घाबरलं किंवा दुखावलं की ॲड्रेनॅलिन सुटतं. त्यानं कासेच्या रक्तवाहिन्या आखडतात, ऑक्सिटोसिन पोचतच नाही. आधी रागावून, काठी दाखवून मग धारेला बसलात तर पुढची वीस-तीस मिनिटं दूध मिळणं कठीण. पान्हा आल्यावरही त्याचा जोर पाच-सात मिनिटंच टिकतो, तेवढ्यात धार आटोपली पाहिजे. मध्येच फोन घेतला तर उरलेलं दूध कासेत राहतं.

पहिली तपासणी : वही आणि पेन

तीन-चार दिवस फक्त बघा आणि लिहा. लाथ कधी बसते, कोणत्या पायानं, कोणत्या सडाला हात असताना, धार कोण काढत होतं. ही तपासणी फुकट आहे आणि माझ्या मते सगळ्यात मोलाची, कारण लाथेची वेळ निम्मं निदान सांगून जाते.

हात लागायच्या आधीच पाय उचलते : भीती. आधी काहीतरी घडलेलं आहे, माणसाकडून किंवा त्या जागेवर.
हात लागताच लाथ : सडाच्या किंवा कासेच्या कातडीला काहीतरी झालंय.
एकाच सडाला हात गेला की लाथ : तो सड किंवा कासेचा तो भाग दुखतोय. दगडीची, म्हणजे कासेच्या सुजेच्या रोगाची (मस्टायटिस), शंका घ्या.
धार नीट सुरू होऊन शेवटी लाथ : दूध संपल्यावरही पिळणं चाललंय, किंवा यंत्र उशिरा काढलं जातंय.
कधीही, कुणालाही, एकाच पायानं : पाय, खूर किंवा कंबर बघा.

आणि तारखा जुळवून बघा. साधारण २१ दिवसांनी एखादा दिवस जनावर बेचैन असतं, दूध आखडतं, दुसऱ्या दिवशी पूर्ववत होतं, तर ते माजावर येतंय. म्हशीत माज बऱ्याचदा मुका असतो, हंबरणं नाही की उड्या नाहीत, पान्हा चोरणं हीच एक खूण सापडते. त्या दिवशी औषधाची गरज नसते, रेतन करायचं असेल तर त्याची असते.

दुसरी तपासणी : माणूस, जागा, माश्या

लाथ एकाच माणसाला बसत असेल तर दोन दिवस माणूस बदला. गाई माणसं ओळखतात, कपड्यांवरूनही ओळखतात. तिच्याशी वाईट वागलेला माणूस नुसता जवळ उभा राहिला तरी कासेत मागे राहणारं दूध वाढतं, हे गाईंवर केलेल्या प्रयोगांत मोजून दाखवलेलं आहे. तेव्हा माणूस बदलताच गाय शांत झाली तर कारण सापडलं, औषधाच्या दुकानात जायचं काम नाही.

जनावराला दोन्ही बाजूंचं जवळजवळ सगळं दिसतं, थेट मागचं मात्र दिसत नाही. मागून अचानक हात लावला तर चांगली गायही झाडते. पुढून, खांद्याच्या बाजूनं, बोलत या. पाठीवर हात ठेवून तो कासेपर्यंत न उचलता न्या.

गोठ्यातला आवाज बंद करा, असा सल्ला सर्रास दिला जातो. मी तो थोडा बदलून सांगेन. कोल्हापुरात गंगावेशीसारख्या ठिकाणी दूध कट्ट्यावर म्हशी भर रस्त्यावर उभ्या असतात, बाजूला गाड्या, गिऱ्हाईकांची गर्दी, आणि समोरच धार काढून पेल्यात दिली जाते. त्या म्हशींना हे रोजचं आहे. गवळ्यांनी त्यांना लहानपणापासून हाताची सवय लावलेली असते, आणि पंढरपुरी म्हैस तर सहज पान्हा सोडण्यासाठीच नावाजलेली आहे. म्हणजे त्रास आवाजाचा नाही, बदलाचा. रोज रेडिओ वाजत असेल तर वाजू द्या. काल नव्हतं असं आज काय आहे, ते शोधा : नवा कुत्रा, शेजारचं बांधकाम, बदललेली जागा, दोन तास पुढे गेलेली धारेची वेळ.

पावसाळ्यात आधी माश्या बघा. रक्त पिणाऱ्या माश्या पायाला आणि पोटाखाली चावतात, जनावर माशीला पाय झाडतं आणि तो बादलीला लागतो. गोठ्यातलं शेण-मूत धारेच्या आधी काढा, पंखा लावा. कासेच्या खाचेत आणि मांडीच्या आत गोचीड आहेत का, ते बोटांनी चाचपून बघा, नुसत्या नजरेला दिसत नाहीत. फरशी निसरडी असेल तर जनावर पाय पक्के रोवू शकत नाही आणि घाबरलेलंच राहतं. त्याला रबरी मॅट किंवा खडबडीत कोबा हाच उपाय.

तिसरी तपासणी : धार काढणारा हात

नखं कापलेली आहेत का, बोटात अंगठी आहे का, बघा. मग पद्धत. अंगठा आत दुमडून त्यावर सड दाबायची सवय आपल्याकडे फार आहे. त्यानं सडाच्या आतलं अस्तर दुखावतं, गाठी होतात आणि हळूहळू सड बारीक होत जातो. पूर्ण मुठीनं धार काढा, वरून खाली एकेक बोट मिटत. चिमटीनं ओढणं फक्त अगदी आखूड सडांसाठी.

कोमट पाण्यानं सड धुऊन, स्वच्छ कपड्यानं कोरडे करून, मिनिटभर चोळा. म्हशीला जास्त वेळ द्या. थंडीत गार पाण्याचा हबका मारून लगेच पिळायला बसू नका.

चौथी तपासणी : सड आणि कास

उजेडात, धार झाल्यावर, बॅटरी घेऊन एकेक सड बघा. भेगा, चामखिळी, खरचटणं, काटा, तारेची जखम, फोड. लाळ्या खुरकुतात सडावरही फोड येतात. २०२२ मध्ये लम्पीची साथ आली तेव्हा कासेवर गाठी आलेल्या गाई धारेला उभ्या राहत नव्हत्या, आणि आधी शांत असलेली गाय मारकी झाली म्हणून विकायला निघालेले मालक मी पाहिलेत. गाठी भरल्यावर त्याच गाई पूर्वीसारख्या उभ्या राहिल्या.

साध्या भेगांना धारेनंतर ग्लिसरीन असलेलं सडाचं मलम पुरतं. पुढच्या धारेआधी ते धुऊन काढा. चामखिळी दोऱ्यानं बांधून तोडू नका. सडात दूध अडलं तर काडी, सुई, कुठलीही नळी आत घालू नका. सडाच्या तोंडाचा नाजूक पडदा फाटला की रोगजंतूंना कायमची वाट मिळते, आणि तो सड मग सहसा परत येत नाही. इथे थांबा, डॉक्टर बोलवा.

पहिलारू कालवडीची कास विताना सुजते, बोट दाबलं की खळगा राहतो. तिचं लाथ मारणं स्वाभाविक आहे. थोडं थोडं, जास्त वेळा दूध काढा, शेकताना हात हलका ठेवा. पुढच्या खेपेसाठी शेवटच्या महिन्यात मीठ कमी करा. आणि विण्याआधी महिना-दीड महिना तिला रोज धारेच्या जागी आणून कासेला हात लावायची सवय करा. पिळू मात्र नका. एवढं केलं तर पहिलारूच्या निम्म्या तक्रारी उद्भवतच नाहीत.

पाचवी तपासणी : दूध

पहिल्या तीन-चार धारा काळ्या ताटलीत घ्या. गाठी, दोरे, पाणचटपणा, रक्ताची झाक दिसली तर दगडी सुरू झालेली आहे. दूध नुसतं चांगलं दिसतंय म्हणून निर्धास्त राहू नका. सुप्त दगडीत दूध दिसायला चांगलंच असतं, कास नरम असते, आणि कधी कधी एवढीच खूण सापडते की त्या सडाला हात लागला की जनावर पाय हलवतं.

त्यासाठी सीएमटी, म्हणजे दगडी ओळखायची कॅलिफोर्निया मस्टायटिस टेस्ट. चार खणांच्या ताटलीत चार सडांचं थोडं थोडं दूध, तेवढंच औषध, दहा सेकंद गोल फिरवायचं. जिथे चिकट, शेंबडासारखा थर येईल तो सड आजारी. औषध स्वस्त आहे, बाटली बरेच दिवस पुरते, आणि प्रत्येक दूध संस्थेत ती असावी असं मला मनापासून वाटतं. फक्त विल्यानंतरचे पहिले काही दिवस आणि आटवायच्या वेळी ही चाचणी करू नका, तेव्हा निरोगी दूधही घट्ट होतं.

चाचणीत सड आजारी निघाला तर डॉक्टरांना कळवा, सडात सोडायची औषधाची ट्यूब मनानं चढवू नका. चुकीचं अँटिबायोटिक अर्धवट दिलं की तीच दगडी महिन्यानं परत येते, आणि मग लाथही. दरम्यान त्या सडाचं दूध शेवटी आणि वेगळ्या भांड्यात काढा. धारेनंतर चारही सड आयोडीनच्या औषधात बुडवा. मग लगेच गव्हाणीत चारा टाका, म्हणजे अर्धा तास जनावर उभं राहील. सडाचं तोंड मिटायला तेवढा वेळ लागतो.

वासरू नसेल, किंवा म्हैस विकत आणलेली असेल

रेडकू मेलं की म्हैस पान्हा चोरते, हे खरं आहे. पण वासराविना पान्हा येतच नाही, हे खरं नाही. तिला दुसऱ्या कशाची तरी सवय लावावी लागते : ठरलेली वेळ, तोच माणूस, तीच हाक, धारेच्या वेळीच मिळणारी पेंड, कासेची सावकाश चोळणी. एक-दोन आठवडे दूध कमी मिळेल. ते धरून चला.

बाजारातून आणलेल्या म्हशींत वेगळी अडचण असते. काहींना आधीच्या ठिकाणी रोज सुई टोचलेली असते. सवय लागली की सुईशिवाय पान्हा येत नाही, आणि रोज टोचल्यानं धारेची वेळ म्हणजे दुखण्याची वेळ हे तिच्या डोक्यात बसतं. सुई हळूहळू सोडवावी लागते, ती डॉक्टरांच्या सांगण्यानं. रोजच्या धारेसाठी ऑक्सिटोसिन टोचू नका. प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणाऱ्या १९६० च्या कायद्याच्या १२ व्या कलमात, दूध वाढवण्यासाठी जनावराच्या आरोग्याला घातक असं काहीही टोचणं गुन्हा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते आणि जनावर जप्त होतं.

यंत्रानं धार काढत असाल तर

हातानं शांत आणि यंत्राला लाथ, असं असेल तर दोष यंत्रात शोधा. गाईसाठी निर्वात दाब साधारण ४२ ते ५० किलोपास्कल असतो, म्हणजे पाऱ्याच्या मापात ३१५ ते ३७५ मिलिमीटर. काटा त्यावर असेल तर सडांची टोकं सुजतात. सडांना लावायच्या कपांच्या आतले रबर अंदाजे २५०० धारांनंतर बदलायचे असतात. एका क्लस्टरवर (चार कपांचा संच) दहा गाई, दोन वेळा, म्हणजे जेमतेम चार महिने. मी बघतो ते रबर वर्ष-दीड वर्षाचे असतात, आतून चिरलेले. दूध थांबलं की यंत्र काढा.

मग वीज. अर्थिंग खराब असेल तर एक-दोन व्होल्टचा झिरपा गाईला जाणवतो, आपल्याला नाही, कारण तिचे खूर ओल्या जमिनीवर आणि तोंड लोखंडाला असतं. खूण अशी : अख्ख्या गोठ्यातल्या गाई एकदम बिथरतात, पाण्याच्या टाकीला तोंड लावून मागे सरतात. मेन स्विच बंद करून एक वेळ हातानं धार काढा. सगळ्या शांत झाल्या तर पुढे स्वतः तारांना हात लावू नका, वायरमनला बोलवा. हे माणसाच्याही जिवाचं काम आहे.

कास ठीक आहे, तरी लाथ थांबत नाही

आता कासेबाहेर बघा. वजन सारखं या पायावरून त्या पायावर टाकते का, पाठ कमानीसारखी करते का, दात खाते का, कान मागे पडलेत का, माशी नसताना शेपटी चालू आहे का. ही दुखण्याची लक्षणं आहेत. खुरात जखम असली की धारेला पाय मागे घेणं तिला सोसत नाही. कोपर बाहेर काढून उभी राहणारी, बसताना कण्हणारी गाय पोटात तार-खिळा गेल्याची शंका देते. विल्यावर पहिल्या दीड-दोन महिन्यांत भरपूर दुधाची संकरित गाय एकाएकी भिंत-साखळी चाटायला लागली, गोल फिरायला लागली, अंगावर यायला लागली, तर बऱ्याचदा तो किटोसिस, म्हणजे अंगातली साखर कमी पडून होणारा आजार, असतो. श्वासाला गोडसर वास येतो. गूळ-पाणी पाजत दिवस घालवू नका. यातलं काहीही दिसलं की तुमची तपासणी संपली, पुढचं काम डॉक्टरांचं.

त्याच दिवशी डॉक्टर

कास गरम, कडक, लाल. सड गार पडलेला, निळा-काळा. ताप १०३ अंश फॅरनहाइटच्या वर. चारा सोडलाय. सडाची ताजी चीर, जी लवकर टाके घातले तरच जुळते. नुकतीच व्यालेली गाय मान पोटाकडे वळवून बसलीय आणि कान गार आहेत. यातल्या कशालाही उद्यावर ढकलू नका. दवाखाना लांब असेल तर १९६२ वर फोन करा, फिरत्या पशुवैद्यकीय पथकाचा हा क्रमांक मोफत आहे.

एक गोष्ट वेगळी सांगतो. शांत जनावर अचानक अंगावर येतंय, हंबरण्याचा आवाज घोगरा झालाय, लाळ गळतेय, गिळता येत नाही, मागून कुंथतंय : पिसाळल्याची शंका घ्या, कुत्रा चावल्याचं आठवत नसलं तरी. घशात काही अडकलं असेल म्हणून तोंडात हात घालतात, तो घालू नका. धार काढू नका, दूध कुणाला देऊ नका, जनावर बांधून सगळ्यांना दूर ठेवा. लाळ लागली असेल तर पंधरा मिनिटं साबण-पाण्यानं धुऊन त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात लस घ्या.

डॉक्टर येतील तेव्हा

उपचारामुळेही लाथ लागते. धारेच्या जागेवरच इंजेक्शन दिलं, तिथेच खूर कापला, की दुसऱ्या दिवसापासून गाय त्या जागेवर ताठ उभी राहते. शक्य असेल तर खोड्यात (जनावर अडकवून धरायची चौकट) न्या, नाहीतर गोठ्याच्या दुसऱ्या कोपऱ्यात. रोजचा माणूस तोंडाशी उभा राहू दे, बाकी गर्दी बाहेर. ट्यूब चढवायची असेल तर पूर्ण धार काढून झाल्यावर, सडाचं तोंड स्पिरिटनं पुसून, नळीचं टोक थोडंसंच आत घालून.

वही डॉक्टरांच्या हातात द्या आणि लाथेचा मोबाइलवर काढलेला व्हिडिओ दाखवा. अनोळखी माणसासमोर जनावर वेगळं वागतं, त्यामुळे रोजचं वागणं डॉक्टरांना एरवी दिसतच नाही. अँटिबायोटिक दिलं तर दूध किती दिवस डेअरीला घालायचं नाही, हे ते निघायच्या आधी विचारून घ्या आणि गोठ्याच्या भिंतीवर खडूनं तारखेसकट लिहा, म्हणजे धारेला दुसरं कुणी बसलं तरी त्याला ते वाचता येईल.